सांगावा वाहणारे आणि बातमी सांगणारे

'नागरिक पत्रकारिता' हा शब्द गेल्या वीस-पंचवीस वर्षांत आपल्याकडे रुळला. ज्याचा धंदा पत्रकारितेचा नाही, अशा सामान्य माणसाने आपल्या परिसरात घडलेली घटना स्वतः नोंदवावी, तिचे छायाचित्र वा ध्वनिमुद्रण करावे आणि एखाद्या संकेतस्थळामार्फत ती लोकांपुढे ठेवावी, असा त्याचा साधा अर्थ आहे. 'स्थानिक वृत्त' ही त्याच कल्पनेची दुसरी बाजू. देशाची किंवा राज्याची बातमी सांगण्याऐवजी एका तालुक्याची, एका गावाची, एका गल्लीची बातमी तेथल्याच माणसांनी तेथल्याच माणसांना सांगावी, हे तिचे सूत्र. या दोन्ही गोष्टींचे कौतुक करताना असे सांगितले जाते की, आता प्रत्येक माणूस पत्रकार झाला आहे. ज्याच्या हातात फोन आहे त्याच्या हातात वृत्तपत्र आहे.

हे विधान माण तालुक्यातल्या एखाद्या वस्तीवर उभे राहून तपासले पाहिजे, असे मला वाटते. मी या भागात शिकवतो आणि चळवळीतल्या तरुणांबरोबर वावरतो. म्हसवड, दहिवडी, पलीकडे सांगली जिल्ह्यातली आटपाडी आणि जत, हा सारा माणदेशचा दुष्काळी पट्टा. येथे फोन पोहोचले आहेत यात शंका नाही. पण बातमी सांगण्याचा अधिकार वस्तीपर्यंत पोहोचला आहे काय, हा प्रश्न वेगळा आहे. त्याचे उत्तर शोधायचे तर यंत्रापासून सुरुवात करून चालणार नाही. आपल्या गावात बातमी कोण वाहत होते आणि कोण सांगत होते, येथून सुरुवात करावी लागेल.

गावाची जुनी वृत्तयंत्रणा

वृत्तपत्रे नव्हती तेव्हाही गावाला बातमी मिळत होती. ती वाहून नेण्याचे काम गावगाड्याने महारावर टाकले होते. गावात कोणी मयत झाले की त्याचा सांगावा दहा-वीस मैलांवरच्या सोयऱ्यांना पायी जाऊन सांगणे, सारा वसुलीसाठी लोकांना चावडीवर बोलावणे, दवंडी देणे, सरकारी कागद एका गावाहून दुसऱ्या गावाला पोचवणे, साहेब आला की त्याच्या घोड्यापुढे धावणे, ही सारी येसकर-तराळाची कामे होती. उन्हातान्हात, पावसापाण्यात, रात्री-अपरात्री हे काम करावे लागे. मोबदला म्हणून भाकरतुकडा, बलुते आणि वतनाचा जमिनीचा तुकडा.

आटपाडीचे शंकरराव खरात यांनी हे जीवन जवळून पाहिले होते. त्यांचे वडील तराळकी करीत. 'तराळ-अंतराळ' हे १९८१ साली प्रसिद्ध झालेले त्यांचे आत्मचरित्र याच शब्दाने सुरू होते, ही गोष्ट योगायोगाची मानता येणार नाही. तराळाचा मुलगा पुढे 'प्रबुद्ध भारत'चा संपादक झाला, मराठवाडा विद्यापीठाचा कुलगुरू झाला आणि १९८४ साली जळगावच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला. सांगावा वाहणाऱ्या घरातून बातमी सांगणारा माणूस निघाला, तो याच माणदेशात.

या व्यवस्थेचे मर्म ध्यानात घेतले पाहिजे. तराळाला गावातली प्रत्येक गोष्ट ठाऊक असे. कोणाच्या घरी मरण, कोणाच्या घरी जप्ती, कोणत्या साहेबाचा मुक्काम, हे त्याला सर्वांच्या आधी कळे. तरीही त्याच्या तोंडातली बातमी त्याची नव्हती. तो दुसऱ्याचे शब्द दुसऱ्याच्या दारात, अंगणाबाहेर उभा राहून, पोहोचवत होता. त्याच्या स्वतःच्या घरी मरण आले, त्याच्या बायकोला पाणवठ्यावरून हाकलले, त्याच्या पोराला शाळेच्या बाहेर बसवले, तर त्याचा सांगावा घेऊन कोणी कोठे जात नव्हते. गावाची सगळी वृत्तयंत्रणा ज्याच्या पायांवर उभी होती, त्याचे जगणे मात्र त्या यंत्रणेच्या दृष्टीने बातमी नव्हते.

बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात महार वतनाच्या कायद्यात दुरुस्ती करणारे विधेयक आणले. प्रत्यक्षात ही कनिष्ठ गावकामगार वतने १९५८ च्या कायद्याने, १९५९ साली खालसा झाली. वतन गेले, वाहण्याची सक्ती गेली. पण सांगण्याचा अधिकार त्याबरोबर आपोआप आला नाही.

एक न पोहोचलेले पत्र

बातमी न पोहोचण्याची किंमत कोणाला मोजावी लागते, याचे उदाहरण याच जिल्ह्यात आहे. १९०१ साल. दुष्काळपीडितांना काम मिळावे म्हणून खटाव तालुक्यात तलावाचे काम सुरू होते आणि सुभेदार रामजी आंबेडकर गोरेगावला त्या कामावर खजिनदार होते. सातारहून भीमराव, त्यांचे भाऊ आणि बहिणीचे मूल वडिलांना भेटायला निघाले. येत असल्याचे पत्र आधी पाठवले होते. मसूर स्टेशनवर मुले उतरली, पण न्यायला कोणी आले नव्हते. मुले महारांची आहेत हे कळताच स्टेशनमास्तराचा चेहरा पालटला. दुप्पट भाडे देऊनही गाडीवान गाडी हाकायला तयार होईना; मुलांनी गाडी हाकायची आणि त्याने बाजूने चालायचे, असे ठरले. रात्रभर जवळ भाकरी होती, पण पाणी मिळाले नाही. दुसऱ्या दिवशी मुले पोहोचली तेव्हा कळले की, पत्र आले होते, नोकराने ते घेतले होते, पण सुभेदारांना द्यायचे तो विसरला होता.

ही घटना त्या काळी कोणत्याही पत्राच्या दृष्टीने बातमी नव्हती. अशा घटना रोज घडत होत्या, हेच तिच्या बातमी नसण्याचे कारण होते. बाबासाहेबांनी ती पुढे स्वतःच्या शब्दांत लिहून ठेवली, आणि त्यांचे ते टिपण 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या नावाने स्वतंत्र पुस्तिकेच्या रूपात प्रसिद्ध झाले ते १९९० साली. चरित्रकारांनी प्रसंग सांगितला होता. पण ज्याच्यावर बेतले त्याचा शब्द छापून यायला एकोणनव्वद वर्षे लागली.

स्थानिक वृत्ताचा विचार करताना मी हे उदाहरण नेहमी पुढे ठेवतो. अपवादात्मक घडते त्याला बातमी म्हणायचे, ही पत्रकारितेची जुनी व्याख्या आहे. या व्याख्येत नित्याचा अन्याय कधीच बसत नाही. तो नित्याचा असल्यामुळेच तो गाळला जातो.

आपली पत्रे का काढावी लागली

ही कोंडी फोडण्यासाठीच आपल्याकडे स्वतंत्र पत्रे निघाली. १८७७ साली कृष्णराव भालेकरांनी सत्यशोधक चळवळीचे 'दीनबंधु' काढले. शिवराम जानबा कांबळे यांनी १९०८ साली 'सोमवंशीय मित्र' सुरू केले. मुकुंदराव पाटील यांचे 'दीनमित्र' १९१० पासून अर्धशतकाहून अधिक काळ चालले, आणि ते पुण्या-मुंबईतून नव्हे तर नगर जिल्ह्यातील तरवडीसारख्या खेड्यातून निघत होते. खेड्यातून खेड्यासाठी पत्र ही कल्पना संकेतस्थळांनी आणलेली नाही, एवढे यावरून स्पष्ट व्हावे.

३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक'चा पहिला अंक निघाला. राजर्षी शाहू महाराजांनी त्यासाठी अडीच हजार रुपये दिले होते. पैसे भरण्याची तयारी असूनही 'केसरी'ने त्याची जाहिरात छापली नाही, ही गोष्ट बाबासाहेबांनी पुढे 'बहिष्कृत भारता'त नोंदवली आहे. मुंबई इलाख्यातील पत्रे विशिष्ट जातींच्या हिताची आहेत, इतरांच्या हिताची त्यांना पर्वा नाही, हे त्यांनी पहिल्याच अंकात मांडले. १९२७ चे 'बहिष्कृत भारत', १९३० चे 'जनता', १९५६ चे 'प्रबुद्ध भारत' ही पुढची पावले. गावोगावच्या लोकांनी पत्रे लिहावीत, आपल्यावर काय बेतले ते कळवावे आणि संपादकाने ते छापावे, हा या पत्रांचा शिरस्ता होता. ज्याला आज नागरिक पत्रकारिता म्हणतात, तिचे बीज या पत्रव्यवहारात आहे. मात्र एक फरक आहे, तो विसरता कामा नये. त्या बातमीदाराला संपादक होता, संघटना होती, आणि बातमी छापून आल्यानंतर त्याच्यामागे उभी राहणारी माणसे होती.

तालुक्याच्या बातमीचे अर्थकारण

आजच्या तालुका पातळीवरच्या बातमीकडे पाहू. जिल्हा आवृत्त्या निघाल्यापासून प्रत्येक तालुक्याला पान मिळाले. त्यामुळे आपली बातमी येईल, अशी अपेक्षा होती. त्या पानावर येते काय, याची कात्रणे मी माझ्या विद्यार्थ्यांकडून वेळोवेळी गोळा करून घेतो. पुढाऱ्याचा दौरा, रस्त्याच्या कामाचा नारळ, यात्रा, कुस्तीचा फड, अपघात, वाढदिवसाच्या शुभेच्छा. वस्ती त्यात दिसते ती १४ एप्रिलला आणि ६ डिसेंबरला, किंवा मग मारामारी झाली तर.

याचा दोष केवळ वार्ताहराच्या मनोवृत्तीत शोधणे अपुरे ठरेल. तालुक्याच्या वार्ताहराला मानधन मिळते ते नावापुरते. पुष्कळदा तेही मिळत नाही. त्याने वर्धापनदिनाची, दिवाळीची, नेत्याच्या वाढदिवसाची पुरवणी जाहिरातींनी भरून द्यायची आणि त्यातल्या टक्केवारीवर गुजराण करायची, अशी रीत आहे. जाहिरात देणार कोण? कारखाना, पतसंस्था, बाजार समिती, सरपंच, ठेकेदार. ज्याच्याकडून जाहिरात घ्यायची त्याच्याविरुद्ध लिहायचे कसे? वस्तीजवळ जाहिरात नाही, म्हणून वस्तीला बातमी नाही.

फोनवर चालणारी तालुक्याची नवी 'चॅनेले' निघाली तेव्हा हे चित्र बदलेल असे वाटले होते. यंत्र बदलले, पण अर्थकारण तेच राहिले. वाढदिवसाच्या शुभेच्छा कागदावरून पडद्यावर आल्या. गावाच्या नावाने चालणाऱ्या फोनवरील गटांची गतही फारशी वेगळी नाही. गटाचा चालक गावातला वजनदार माणूस असतो. वस्तीतल्या मुलाने जयंतीच्या मिरवणुकीचा मार्ग किंवा स्मशानभूमीच्या रस्त्याचा प्रश्न मांडला की 'गटावर राजकारण नको' अशी सूचना येते. दुसऱ्यांदा मांडला की त्याला काढले जाते. गावकुसाची भिंत फोनमध्येही बांधता येते.

उलट, आलेला मजकूर पुढे ढकलण्याचे काम आपली मुले दिवसभर करीत असतात. कोणाचे तरी भाषण, कोणाची तरी ध्वनिफीत, कोणी तरी तयार केलेला राग. हा सांगावा कोणाचा आहे, हे न विचारता तो दहा दारांवर पोहोचवला जातो. स्पष्टच बोलायचे तर हा तराळकीचा नवा प्रकार आहे, आणि यात बलुतेही मिळत नाही.

म्हसवडचा आवाज आणि त्याची मर्यादा

माणमध्ये स्थानिक प्रसारणाचा एक खरा प्रयोग झाला आहे, त्याची दखल घेतली पाहिजे. म्हसवड येथे १९९७ साली माणदेशी महिला सहकारी बँक उभी राहिली. तिच्यामागे असलेल्या, चेतना गाला सिन्हा यांच्या माणदेशी फाउंडेशनने २००८ साली 'माणदेशी तरंग वाहिनी' हे सामुदायिक रेडिओ केंद्र ९०.४ या कंपनसंख्येवर सुरू केले. माणदेशी बोलीत बोलणाऱ्या बाया, गजी-ओव्या गाणारे कलावंत, शेती, आरोग्य, बचत, शाळा यांविषयीची माहिती असा त्याचा विस्तार. ज्या बोलीला शाळेत अशुद्ध म्हणून हिणवले जाते ती ध्वनिक्षेपकावर येणे, याचे मोल मी कमी मानत नाही. ज्याला लिहिता येत नाही तोही तेथे बोलू शकतो.

पण या माध्यमावर कायद्याची एक मोठी मर्यादा आहे. प्रसारणलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली दिला. त्यानंतर २००२ साली शिक्षणसंस्थांना आणि २००६ साली स्वयंसेवी संस्थांना सामुदायिक रेडिओची वाट मोकळी झाली. निम्मा तरी कार्यक्रम स्थानिक लोकांच्या सहभागाने तयार व्हावा, अशी चांगली अटही त्यात आहे. मात्र या केंद्रांना स्वतःची बातमी देता येत नाही. आकाशवाणीची बातमी जशीच्या तशी पुनःप्रक्षेपित करता येते. हवामान, वीज, पाणीपुरवठ्याची सूचना, परीक्षेचा निकाल सांगता येतो. म्हणजे उद्या टँकर येणार आहे हे म्हसवडच्या केंद्रावरून सांगता येईल. काल टँकर वस्तीवर का आला नाही, ही बातमी सांगता येणार नाही. लोकांच्या आवाजाला परवानगी आहे, लोकांच्या बातमीला नाही.

तेलंगणात झहीराबादजवळ माचनूर येथे २००८ साली डेक्कन डेव्हलपमेंट सोसायटीने सुरू केलेला 'संघम रेडिओ' दलित स्त्रिया चालवतात. कोरडवाहू शेतात राबणाऱ्या या बाया स्वतः ध्वनिमुद्रण करतात, स्वतः संपादन करतात. कोरडवाहू माणदेशाशी त्यांचे नाते जवळचे आहे. बातमीचे बंधन मात्र त्यांनाही तसेच लागू आहे.

फोन आणि संकेतस्थळ यांनी काय साधले

रेडिओला जे वर्ज्य आहे ते संकेतस्थळाला वर्ज्य नाही. म्हणून या प्रयोगांची रचना समजून घ्यावी.

दक्षिण कोरियात ओ यॉन-हो यांनी २००० साली 'ओहमायन्यूज' सुरू केले. प्रत्येक नागरिक वार्ताहर होऊ शकतो, ही त्याची भूमिका. सातशेहून अधिक नागरिक-वार्ताहरांनिशी ते सुरू झाले आणि पुढे ही संख्या हजारोंवर गेली. २००२ च्या निवडणुकीत विजयी झालेले राष्ट्राध्यक्ष रो मू-ह्यून यांनी आपली पहिली मुलाखत याच संकेतस्थळाला दिली. लोक बातमी पाठवीत, पण ती जशीच्या तशी झळकत नसे. पगारी संपादक ती तपासत, शंका असल्यास परत पाठवत आणि छापलेल्या बातमीला थोडे मानधनही देत. अमेरिकेत २००८ साली 'एव्हरीब्लॉक' नावाचे संकेतस्थळ निघाले. आपल्या घराचा पत्ता टाकला की त्या गल्लीतले गुन्हे, बांधकाम परवाने, उपाहारगृहांच्या तपासण्या यांच्या सरकारी नोंदी समोर येत. कल्पना उत्तम होती. पण एका मोठ्या वृत्तकंपनीने ते विकत घेतले आणि २०१३ साली एका दिवसात बंद करून टाकले. गल्लीतल्या लोकांची मालकी त्यावर नव्हती.

आपल्या देशातली दोन उदाहरणे आपल्याला अधिक उपयोगाची आहेत. उत्तर प्रदेशातील चित्रकूट जिल्ह्यात २००२ साली 'खबर लहरिया' हे बुंदेली भाषेतले पत्र निघाले. त्याच्या वार्ताहर ग्रामीण स्त्रिया, त्यांत दलित स्त्रिया प्रामुख्याने. पुढे कागद सोडून त्या पूर्णपणे फोन आणि संकेतस्थळावर आल्या. त्यांच्यावरचा 'रायटिंग विथ फायर' हा २०२१ चा माहितीपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला. छत्तीसगडमध्ये शुभ्रांशु चौधरी यांनी २०१० साली 'सीजीनेट स्वरा' सुरू केले. साध्या फोनवरून एक क्रमांक फिरवायचा, गोंडीत किंवा हिंदीत आपले गाऱ्हाणे सांगायचे. निवडणारे लोक ते तपासतात आणि मग ते फोनवर व संकेतस्थळावर ऐकता येते. गाऱ्हाण्याच्या शेवटी संबंधित अधिकाऱ्याचा क्रमांक दिलेला असतो आणि दूरच्या शहरातला ऐकणारा त्या अधिकाऱ्याला फोन लावतो. लिहिण्या-वाचण्याची अट येथे संपली.

या चारही प्रयोगांत यंत्राचे महत्त्व दुय्यम आहे. तपासणारे कोण, मालक कोण आणि बातमीनंतर पाठपुरावा कोण करतो, या तीन प्रश्नांवर त्यांचे यशापयश ठरले आहे.

खैरलांजीचा धडा

हे प्रश्न आपल्यासाठी पुस्तकी नाहीत. २९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यातील खैरलांजी येथे भोतमांगे कुटुंबातील आई, मुलगी आणि दोन मुलगे अशा चौघांची गावाच्या जमावाने हत्या केली. इतकी भीषण घटना. पण प्रस्थापित वृत्तपत्रांनी तिला तिच्या खऱ्या रूपात जवळजवळ महिनाभर स्थान दिले नाही. जे छापून आले त्यात त्या आईच्या चारित्र्याविषयीची कुजबुजच बातमी म्हणून आली. कार्यकर्त्यांनी गावात जाऊन सत्यशोधन केले, अहवाल लिहिले, छायाचित्रे मिळवली आणि ती ई-पत्रांतून, संकेतस्थळांवरून जगभर पाठवली. नोव्हेंबरमध्ये विदर्भात लोक रस्त्यावर उतरले, तेव्हा मोठ्या पत्रांना जाग आली.

हा आपल्याकडचा नागरिक पत्रकारितेचा खरा आरंभ आहे, असे मी मानतो. आणि त्याने दिलेला धडा दुहेरी आहे. कार्यकर्त्याची नोंद नसती तर खैरलांजी एका कालव्यातल्या प्रेतांची चार ओळींची बातमी होऊन संपली असती. पण प्रसिद्धी मिळूनही २००८ च्या निकालात भंडाऱ्याच्या न्यायालयाने अॅट्रॉसिटी कायदा लागू केला नाही, आणि २०१० साली उच्च न्यायालयाने फाशीच्या शिक्षा जन्मठेपेत बदलल्या. गवगवा आणि पुरावा या दोन भिन्न गोष्टी आहेत. पहिल्या दिवसांत जातीविषयी काय बोलले गेले, कोणी ऐकले, पंचनाम्यात काय लिहिले गेले नाही, याची तारीखवार नोंद त्याच वस्तीतल्या माणसाजवळ असेल, तर पुढे न्यायालयात तिला किंमत येते. बातमीदार हा अशा वेळी पहिला साक्षीदार असतो.

'स्थान' म्हणजे नेमके कोणते?

आता मूळ मुद्द्याकडे येतो. स्थानिक वृत्ताची सारी कल्पना 'स्थान' या शब्दावर उभी आहे. संकेतस्थळांच्या दृष्टीने स्थान म्हणजे नकाशावरचा एक ठिपका, गावाचे नाव. पण आपल्या गावाचा एक ठिपका कधीच नव्हता. गाव आणि वस्ती अशी त्याची दोन स्थाने आहेत, आणि त्यांची बातमी एक नाही.

माणमधले नेहमीचे उदाहरण घ्या. २०१२-१३ आणि २०१८-१९ या दुष्काळांत हा तालुका टँकरवर जगला, जनावरे चारा छावण्यांत गेली. टँकरने ग्रामीण भागात माणशी दररोज वीस लिटर पाणी द्यावे, असे सरकारी प्रमाण आहे. टँकर गावात येतो आणि गावच्या विहिरीत रिता होतो. नोंदवहीत खेप लागते. 'गावाला टँकर सुरू' ही बातमी खरी असते. परंतु त्या विहिरीवर पहिला पोहरा कोणाचा पडतो? वस्ती विहिरीपासून किती लांब? गाळ उरेपर्यंत कोणाला थांबावे लागते? 'वस्तीला पाणी नाही' ही बातमीही तितकीच खरी असते. दोन्ही बातम्या एकाच ठिपक्यावर आहेत, आणि छापून येते ती पहिली.

डिसेंबर २०२० मध्ये महाराष्ट्र शासनाने वस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. तो योग्यच होता. महारवाडा, मांगवाडा ही नावे कागदावरून गेली पाहिजेत. समतानगर, भीमनगर ही नावे आली पाहिजेत. पण नाव बदलले म्हणून नळ येत नाही. उलट नवे नाव घेऊनही अंतर तसेच राहिले, तर ते मोजण्याची जबाबदारी वाढते. म्हणून माझे म्हणणे असे आहे की, आपल्या बातमीत गावाच्या नावाबरोबर वस्तीचे नाव, आणि गावापासून तिचे अंतर, हे आलेच पाहिजे. आपले स्थानिक वृत्त वस्तीपासून मोजायला सुरुवात करील तेव्हाच ते स्थानिक ठरेल.

कामाची रीत

विद्यार्थी विचारतात, आम्ही नेमके करायचे काय? काही साध्या गोष्टी सांगतो.

बातमी करण्यासाठी अत्याचार घडण्याची वाट पाहू नये. ग्रामपंचायतीने स्वतःच्या उत्पन्नातले पंधरा टक्के मागासवर्गीयांसाठी खर्च करायचे असतात. आपल्या गावात ते कशावर खर्च झाले, ही बातमी आहे. वस्तीच्या विकासासाठी आलेला रस्ता कोणाच्या दारापर्यंत गेला, ही बातमी आहे. स्मशानभूमीची जागा सातबाऱ्यावर कोणाच्या नावे आहे, ही बातमी आहे. यासाठी २००५ चा माहितीचा अधिकार आहे. दहा रुपये शुल्क, दारिद्र्यरेषेखालच्यांना तेही माफ, आणि तीस दिवसांत उत्तर. ग्रामसभेच्या ठरावाची नक्कल ही कोणत्याही भाषणापेक्षा जड असते.

पाहिलेले आणि ऐकलेले यांत फरक करावा. 'मी पाहिले', 'अमक्या नात्याच्या बाईने पाहिले', 'लोक म्हणतात', हे तीन वेगळे प्रकार आहेत. ते एका वाक्यात मिसळू नयेत. तारीख, वेळ, वस्ती लिहावी. ज्याच्यावर आरोप आहे त्याला विचारावे, आणि त्याने उत्तर नाकारले तर तसे लिहावे. छायाचित्राचे मूळ रूप न कापता जपून ठेवावे. फोन हरवतो, म्हणून प्रत दुसऱ्याकडे द्यावी.

अत्याचारग्रस्त स्त्रीचे नाव, चेहरा, घर उघड करणे हा भारतीय न्याय संहितेच्या ७२ व्या कलमाप्रमाणे गुन्हा आहे, आणि बालकांबाबत पोक्सो कायदाही तेच सांगतो. कायद्याचे सोडा, दुःख दाखवण्याच्या भरात आपल्याच बाईची विटंबना दुसऱ्यांदा करण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिलेला नाही. ज्याची बातमी त्याची संमती, हा नियम पाळावा.

आणि शेवटी, एकट्याने बातमी करू नये. वस्तीत राहणाऱ्या, उद्या त्याच गावात मजुरीला जाणाऱ्या मुलाच्या नावावर बातमी टाकून त्याला एकटे सोडणे हे शौर्य नव्हे. काम बंद होते, किराणा बंद होतो, धमकी येते. 'बहिष्कृत भारता'च्या बातमीदारामागे जशी संघटना होती, तशी आजही हवी. तीन-चार गावांतल्या मुला-मुलींनी, शिक्षकांनी, एखाद्या वकिलाने मिळून संपादनाचे काम करावे. बातमी गटाच्या नावाने जावी. मुलींना यात पहिली जागा द्यावी, कारण पाण्याची, शौचालयाची, शाळा सोडण्याची बातमी त्यांच्याजवळ आधी असते.

पोट भरण्यासाठी परमुलखात गेलेल्या माणदेशी माणसांचाही यात विचार व्हावा. ऊसतोडीला, मुंबईला, खानापूर-आटपाडीकडून गलाईच्या कामाला देशभर पांगलेल्या माणसांना वस्तीची खबर हवी असते. ते दूर असल्यामुळे गावच्या दबावाखाली नसतात. अधिकाऱ्याला फोन लावण्याचे, अर्ज करण्याचे काम ते करू शकतात.

संकेतस्थळे येतील आणि बंद पडतील. कंपन्या विकत घेतील आणि गुंडाळतील. २०२१ साली मीना कोटवाल यांनी शंभर वर्षांपूर्वीचे 'मूकनायक' हेच नाव घेऊन नवे संकेतस्थळ काढले, यावरून या नावाची गरज संपलेली नाही हे दिसते. पण एकेका वस्तीची नोंद दिल्ली-मुंबईतून होणार नाही. ती माणमध्ये, आटपाडीत, जतमध्ये, तेथल्याच माणसांनी ठेवायची आहे. प्रत्येक वस्तीत एक वही असावी: टँकरची खेप, ग्रामसभेची तारीख, पोलीस ठाण्यात दिलेल्या अर्जाची पोच, शाळेतून गळालेल्या मुलांची संख्या. बातमी या वहीतून निघावी आणि मग फोनवर जावी. आपल्या आज्यांनी आणि पणज्यांनी दुसऱ्यांचे सांगावे पुष्कळ वाहिले. आता आपला सांगावा आपण लिहिण्याचे काम उरले आहे, आणि ते येत्या ग्रामसभेपासून सुरू करता येण्याजोगे आहे.